रेषेला अर्थ कोण देतो?

चित्रपटगृहातून बाहेर पडणाऱ्या प्रेक्षकाला घरचे लोक बहुधा एकच प्रश्न विचारतात: गोष्ट काय होती? गोष्ट सांगता आली की चित्रपट समजला, अशी आपली सर्वसाधारण समजूत आहे. त्यामुळे ज्या चित्रपटात नट नाही, नटी नाही, संवाद नाही, गाणे नाही, ओळखीची म्हणावी अशी एकही आकृती नाही, केवळ ठिपके, रेषा, वर्तुळे आणि उजेड-काळोख यांची हालचाल आहे, तो पाहताना हा प्रेक्षक गोंधळतो आणि त्या गोंधळाचे रूपांतर लवकरच रागात होते. 'ह्याचा अर्थ काय?' असे तो विचारतो, आणि उत्तर मिळाले नाही की आपली फसवणूक झाली असे त्याला वाटते. अमूर्त, प्रायोगिक अ‍ॅनिमेशन ह्या नावाने ओळखला जाणारा हा प्रकार आपल्याकडे मूठभरांच्या कौतुकाचा आणि बाकीच्यांच्या चेष्टेचा विषय होऊन राहिला आहे. तो परदेशातून आलेला, शहरी आणि सुखवस्तू मंडळींचा छंद आहे, असे मानण्याकडेही आपला कल असतो.

हा समज तपासून पाहण्याची वेळ आली आहे, आणि त्याचे कारण केवळ कलेपुरते नाही. आज प्रत्येकाच्या खिशात एक पडदा आहे. त्यावर दिवसभर हलती चित्रे येत असतात. कोठून तरी कापलेली, कशाला तरी जोडलेली, अलीकडे तर संगणकानेच निर्माण केलेली. ह्या चित्रांनी माणसे हसतात, हळहळतात, आणि कधी कधी एकमेकांच्या अंगावर धावूनही जातात. हलत्या चित्राला अर्थ कोठून येतो, हा प्रश्न पूर्वी चित्रपट-रसिकांच्या चर्चेपुरता होता. आता तो प्रत्येक नागरिकाचा झाला आहे. ह्या प्रश्नाचे उत्तर सर्वांत स्वच्छपणे सापडते ते नेमके त्या 'काहीच नसलेल्या' चित्रपटांत, असे आम्हांला वाटते.

बिदरचे काळे आणि पांढरे

प्रारंभ मात्र चित्रपटापासून न करता बिदरपासून करू. कोकण-गोव्याच्या वाचकाला बिदर आणि कलबुर्गी हे जिल्हे ठाऊक असतात ते बहुधा सीमाप्रश्नाच्या बातम्यांमुळे, किंवा हुमनाबादच्या माणिकप्रभूंमुळे. १९४८ पर्यंत निजामाच्या राज्यात असलेला हा मुलूख १९५६ च्या राज्यपुनर्रचनेत तेव्हाच्या म्हैसूर राज्यात, म्हणजे आजच्या कर्नाटकात गेला. औराद, भालकी, बसवकल्याण, आळंद ह्या बाजूंना फिरताना मराठी, कन्नड, दखनी उर्दू आणि तेलुगू अशा चार भाषा कानावर पडतात. एकाच बाजारपेठेत एकच माणूस तीन गिऱ्हाइकांशी तीन भाषांत बोलतो. शब्द बदलत राहतात. माणसांना एकमेकांचे म्हणणे कळायचे थांबत नाही.

ह्या मुलखाची जगभर गेलेली ओळख म्हणजे बिदरीकाम. जस्त आणि थोडे तांबे यांच्या मिश्रधातूचे भांडे वाळूच्या साच्यात ओततात. ते घासून गुळगुळीत करतात, मोरचुदाच्या पाण्याने त्याला तात्पुरता काळेपणा आणतात, म्हणजे त्यावर कोरलेली रेघ कारागिराला दिसते. मग छिन्नीने मुक्तहस्ताने नक्षी कोरून त्या खाचांत चांदीची तार किंवा पत्रा ठोकून बसवतात. भांडे पुन्हा घासले की सगळेच करडे-पांढरे दिसते. चांदी कोठे आणि जस्त कोठे हे ओळखू येत नाही. शेवटी भांडे तापवून बिदरच्या किल्ल्यातील माती आणि नवसागर यांच्या मिश्रणाने चोळतात. जस्ताचा भाग काळाकुळकुळीत होतो, चांदी तशीच राहते, आणि आतापर्यंत न दिसलेली नक्षी एकाएकी प्रकट होते. हे कसब पिढ्यान्‌पिढ्या चालत आले आहे. २००६ साली बिदरीला भौगोलिक मानांकन मिळाले, आणि २०२३ साली बिदरचे ज्येष्ठ कारागीर शाह रशीद अहमद कादरी यांचा पद्मश्री देऊन गौरव झाला.

बिदरी सुरईवरची वेल कोणत्या झाडाची आहे, असे कोणी विचारीत नाही. तिच्यावरचे चौकोन आणि चांदण्या कशाचे प्रतीक आहेत, असाही हट्ट कोणी धरीत नाही. डोळा एका वळणावरून दुसऱ्या वळणावर सरकतो, कोठे थबकतो, कोठे धावतो, आणि ह्या फिरण्यातच त्याला समाधान मिळते. कलबुर्गीच्या किल्ल्यातील १३६७ सालची जामा मशीदही अशीच पाहावी लागते. तिला उघडे अंगण नाही. सगळी वास्तू घुमटांनी झाकलेली. तिच्या कडेच्या रुंद, बुटक्या कमानींखालून चालू लागले की एक कमान दुसरीत शिरते, दुसरी तिसरीला झाकते, आणि दगडाची स्थिर वास्तू चालणाऱ्यापुरती हलू लागते. येथे गोष्ट नाही, पात्र नाही. आहे तो फक्त क्रम, अंतर आणि लय.

ह्याच कलबुर्गीने आपल्याला अगदी उलट टोकाचा चित्रकारही दिला. १९१६ साली तेथे जन्मलेल्या एस. एम. पंडितांनी मुंबईत येऊन चित्रपटांच्या जाहिरातींची आणि पुढे कॅलेंडरांवरील देवदेवतांची असंख्य चित्रे रंगविली. पंडितांच्या चित्राची ताकद अशी की एका चौकटीत सगळी कथा उभी राहते: नायकाचा ताठा, नायिकेची नजर, मागे दाटून आलेले आभाळ. रस्त्यावरून जाणाऱ्या निरक्षर माणसालाही चित्रपटात काय आहे ते क्षणात कळावे, हीच त्या कलेची प्रतिज्ञा. एकाच गावातल्या ह्या दोन वाटा, कमानींची आणि जाहिरातीच्या चित्रांची, दोन्ही आपल्या लोकांना मनापासून भावल्या. मग चित्रपटाच्या पडद्यावर मात्र आपण पहिली वाट परकी का मानतो?

खरे म्हणजे ह्या वाटेचा सराव आपल्या उंबरठ्यावरच होत आला आहे. कोकणातल्या अंगणात ठिपक्यांची रांगोळी निघते, तशीच बिदर-कलबुर्गीकडे कन्नड घरांपुढे चुक्की रंगोली निघते. चुक्की म्हणजे ठिपकाच. आधी नुसते ठिपके असतात. मग एक रेघ एका ठिपक्यापासून निघते, दुसऱ्याला वळसा घालते, तिसऱ्याला सोडून पुढे जाते. पूर्ण झालेली रांगोळी सुंदर असतेच. परंतु जिने ती निघताना पाहिली आहे, त्या मुलीला ठाऊक असते की खरा आनंद रेघ आता कोठे वळणार ह्या उत्सुकतेत आहे. रांगोळीतला हा काळ जर फिल्मवर उतरविला, तर जे मिळेल त्यालाच अमूर्त अ‍ॅनिमेशन म्हणतात.

दोन चित्रांच्या मधली जागा

चित्रपट म्हणजे मुळात स्थिर चित्रांची माळ. बोलपटाच्या काळापासून सेकंदाला चोवीस चित्रे हे प्रमाण रूढ झाले. ही चित्रे झरझर दाखविली की डोळ्याला हालचाल दिसते. पूर्वी ह्याचे कारण दृष्टिसातत्य असे सांगत. म्हणजे एका चित्राचा ठसा डोळ्यात टिकतो तोवर दुसरे येते. पण एवढ्याने उलगडा होत नाही. ठसे एकावर एक नुसते साचले असते तर दिसला असता केवळ गोंधळ. माक्स वेर्टहाइमर ह्या मानसशास्त्रज्ञाने १९१२ साली दाखवून दिले की शेजारीशेजारी दोन रेघा विशिष्ट अंतराने आळीपाळीने उजळल्या, तर माणसाला दोन रेघा न दिसता एकच रेघ सरकताना दिसते. पडद्यावर हालचाल नसतेच; ती पाहणाऱ्याचे मन घडविते. चित्रपटाचा पहिला अर्थ, 'हे हलते आहे' हा, अशा रीतीने दोन चित्रांच्या मधल्या रिकाम्या जागेत जन्माला येतो, आणि त्याचा निम्मा कर्ता प्रेक्षक असतो.

आपल्या दादासाहेब फाळक्यांना हे फार लवकर उमगले होते. १९१२ साली, 'राजा हरिश्चंद्र'च्या आधी, त्यांनी वाटाण्याच्या रोपाची वाढ एकेक चित्र घेत टिपली आणि 'अंकुराची वाढ' हा छोटा चित्रपट सिद्ध केला. अनेक दिवसांची वाढ काही क्षणांत पडद्यावर पाहून भांडवल देणाऱ्यांची खात्री पटली. त्यात राजा नव्हता, राणी नव्हती. एक कोंब होता आणि काळ होता. पुढे १९१५ च्या सुमारास त्यांनी 'आगकाड्यांची मौज' केली. आगपेटीतल्या काड्या थोड्या थोड्या हलवून, प्रत्येक वेळी एक चित्र घेऊन, त्यांनी निर्जीव काड्यांना चालते-फिरते केले. भारतीय अ‍ॅनिमेशनचा आरंभ म्हणून ह्या चित्रपटाचे नाव घेतले जाते. हा प्रकार मूळचा परदेशी छंद आहे असे म्हणणाऱ्यांनी एवढे लक्षात ठेवावे की आपल्या चित्रपटसृष्टीचा पाया घालणाऱ्या त्र्यंबकेश्वरच्या ह्या माणसाने काडीपासून आणि कोंबापासून सुरुवात केली होती.

हालचालीच्या पुढची पायरी म्हणजे जोडणी. १९२० च्या सुमारास रशियात लेव्ह कुलेशॉव्ह ह्या दिग्दर्शकाने एक प्रयोग केला. त्याची मूळ फिल्म आज उपलब्ध नाही, पण वर्णने आहेत. इव्हान मोझ्झुखिन ह्या नटाच्या निर्विकार चेहऱ्याचे एकच चित्र त्याने वेगवेगळ्या चित्रांना जोडले: एकदा सूपच्या थाळीला, एकदा शवपेटीला. प्रेक्षकांना तोच चेहरा एकदा भुकेला आणि एकदा दुःखी वाटला, आणि त्यांनी नटाच्या अभिनयाची वाखाणणी केली. चेहऱ्यावर काहीच नव्हते. भूक आणि दुःख प्रेक्षकांनी घरून आणले होते; जोडणीने फक्त त्यांना बाहेर काढले.

ही गोष्ट आपल्या परंपरेलाही नवी नाही. कुडाळजवळच्या पिंगुळीत ठाकर समाजाने जपलेली चित्रकथी आमच्या वाचकांच्या परिचयाची आहे. रामायण-महाभारतातील आख्यानाच्या चित्रांची पोथी उघडून कथेकरी एकामागून एक चित्र पुढे धरतो आणि गातो. एका चित्रात राजा सिंहासनावर असतो, पुढच्यात तो वनात असतो. मधला सगळा प्रवास कथेकऱ्याचा आवाज भरून काढतो. ही कला जिवंत ठेवल्याबद्दल परशुराम गंगावणे यांना २०२१ साली पद्मश्री मिळाली, ती योग्यच होती. चित्रकथीतली मधली जागा शब्दांनी भरली जाते. कथापटात ती जागा नटाचे हावभाव, संवाद आणि पार्श्वसंगीत भरतात, त्यामुळे ती आहे हेच आपल्या लक्षात येत नाही. अमूर्त अ‍ॅनिमेशन ही सारी भर काढून घेते आणि ती जागा उघडी करून दाखविते.

त्रिकोणाची गोष्ट

सगळी भर काढून घेतल्यावर तरी अर्थ उरतो का? १९४४ साली अमेरिकेत फ्रिट्स हायडर आणि मरियान झिमेल ह्या दोन मानसशास्त्रज्ञांनी एक छोटासा चित्रपट तयार केला. त्यात एक मोठा त्रिकोण, एक लहान त्रिकोण, एक लहान वर्तुळ, आणि दार उघडते-मिटते असा एक चौकोन, एवढेच होते. हे आकार इकडून तिकडे सरकत. 'जे दिसले ते लिहा' असे चौतीस जणांना सांगितले, तेव्हा केवळ एकाने ते भूमितीच्या भाषेत लिहिले. बाकीच्यांनी लिहिली ती गोष्ट: मोठा त्रिकोण दांडगट आहे, तो लहानाला मारतो, वर्तुळ घाबरून घरात लपते, शेवटी ती दोघे निसटतात. डोळे नाहीत, तोंड नाही, हातपाय नाहीत; तरी भीती दिसली, दांडगाई दिसली, सुटकेचा आनंद दिसला. गती, दिशा, जवळ येणे आणि दूर जाणे एवढ्या भांडवलावर माणसाच्या मनाने नाटक उभे केले.

कलावंतांना हे शास्त्रज्ञांच्या आधी कळले होते. १९२१ साली जर्मनीत वाल्टर रुटमानने रंगीत आकारांच्या हालचालीचा चित्रपट बर्लिनमध्ये जाहीरपणे दाखविला. हान्स रिश्टर आणि व्हायकिंग एगेलिंग हेही त्याच काळात त्याच वाटेने चालले होते. त्यांच्यापुढे आदर्श होता तो संगीताचा. हा आदर्श आपल्याला समजावून सांगण्याची गरज नाही. मैफलीत गायक तासभर आलापी करतो. शब्द असले तर चार, नसले तरी चालते. मारव्याचा अर्थ काय, असे कोणी उभे राहून विचारीत नाही. पण स्वर षड्‌जापासून दूर राहिला की जीव टांगणीला लागतो आणि तो षड्‌जावर परतला की सुटल्यासारखे वाटते. अर्थाची ही जात आपल्या साहित्यशास्त्रालाही मान्य आहे. वाच्यार्थाच्या पलीकडे सुचविला जाणारा अर्थ असतो आणि काव्याचा प्राण त्यातच असतो, हे नवव्या शतकात आनंदवर्धनाने ध्वनीच्या सिद्धान्तात सांगितले. अमूर्त चित्रपटात अभिधा जवळजवळ शून्यावर येते. उरते ती व्यंजना.

राज्यकर्त्यांचे ह्या 'निरर्थक' आकारांशी असलेले नातेही पाहण्यासारखे आहे. १९३५ साली लेन लाय ह्या कलावंताने फिल्मवर थेट रंग लावून 'अ कलर बॉक्स' केला तो ब्रिटिश टपाल खात्यासाठी. शेवटी पार्सलांच्या दरांची माहिती येते, एवढाच काय तो त्यातला व्यवहार. उलट जर्मनीत नाझी राजवटीला अमूर्त कला डोळ्यांपुढे नकोशी झाली, आणि ऑस्कार फिशिंगरसारख्या अ‍ॅनिमेशनच्या थोर कलावंताला १९३६ साली देश सोडून अमेरिका गाठावी लागली. ज्यात अर्थच नाही त्याची हुकूमशहाला भीती का वाटावी? कारण उघड आहे. जे चित्र पाहणाऱ्याला आपला अर्थ आपण घडवायला लावते, ते आज्ञा करीत नाही. आज्ञेवर चालणाऱ्या राजवटीला असा प्रेक्षक परवडत नाही.

मुंबईतील प्रयोग

स्वातंत्र्यानंतर आपल्याकडे ह्या वाटेला आश्रय मिळाला तो, आश्चर्य वाटेल, पण सरकारी खात्यात. १९४८ साली स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे अनुबोधपट मुख्य चित्रपटाच्या आधी दाखविणे थिएटरांना बंधनकारक होते. धरणे, कुटुंबनियोजन आणि मंत्र्यांचे दौरे पाहून कंटाळलेला प्रेक्षक त्या वेळी बाहेर चहा पीत उभा राहत असे, ही गोष्ट खरी. पण त्याच खात्यात १९६० नंतरच्या दशकात काही धाडसी माणसे काम करीत होती. मूळचे ओडिशाचे प्रमोद पती हे त्यांतले अग्रणी. प्रागला यिर्झी त्रन्का ह्या बाहुलीपटांच्या आचार्यापाशी ते शिकून आले होते. त्यांच्या 'एक्स्प्लोरर' (१९६८) ह्या छोट्या चित्रपटात तरुण चेहरे, यंत्रे, नृत्य, धार्मिक चिन्हे अशी चित्रे इतक्या वेगाने एकमेकांवर आदळतात की सलग विधान कोठेच होत नाही. तरी जुने आणि नवे यांच्यामध्ये ओढल्या गेलेल्या देशाची धाप त्यातून ऐकू येते. 'आबिद' (१९७२) मध्ये चित्रकार आबिद सुरती हेच एकेका चौकटीने हलणारी बाहुली होतात आणि खोलीच्या भिंती रंगांनी भरून टाकतात.

त्याच खात्यासाठी १९६७ साली, पंढरपूरला जन्मलेल्या मकबूल फिदा हुसेन यांनी 'थ्रू द आइज ऑफ अ पेंटर' केला. तो अ‍ॅनिमेशन नव्हे. राजस्थानात चित्रित केलेला आहे. पण त्यातही गोष्ट नाही, निवेदन नाही. छत्री, कंदील, जोडा, गाय ही नित्याची चित्रे एकमेकांशेजारी येतात आणि त्यांच्यात अनपेक्षित नाती जुळतात. बर्लिनच्या महोत्सवात त्याला लघुपटाचे सर्वोच्च पारितोषिक मिळाले.

पूर्ण अमूर्ताची वाट मात्र चोखाळली ती चित्रकार अकबर पदमसी यांनी. १९६९ साली त्यांना जवाहरलाल नेहरू अभ्यासवृत्ती मिळाली. ती त्यांनी एकट्यासाठी न वापरता मुंबईत एक कार्यशाळा उभी केली, आणि चित्रकार, छायाचित्रकार, चित्रपटकार यांना एकत्र आणले. व्हिजन एक्स्चेंज वर्कशॉप असे तिचे नाव. येथे पदमसींनी 'सिझिजी' हा अकरा मिनिटांचा, कृष्णधवल, पूर्ण मूक असा अ‍ॅनिमेशनपट केला. सूर्य, चंद्र, पृथ्वी एका रेषेत येतात त्या स्थितीला खगोलशास्त्रात हे नाव आहे. चित्रपटात ग्रह नाहीत. आहेत फक्त बिंदू आणि त्यांना सांधणाऱ्या रेषा. रेषा वाढतात, छेदतात, जाळे विणतात, मोडतात. ठिपक्यांच्या रांगोळीत वाढलेल्या माणसाला हे परके वाटण्याचे कारण नाही. परके वाटते ते त्यातले मौन. संगीताचा आधार नसल्यामुळे लय आपल्यालाच मोजावी लागते, आणि थोड्या वेळाने लक्षात येते की आपण पुढच्या रेषेची वाट पाहू लागलो आहोत, ती चुकीच्या ठिकाणी गेली की अस्वस्थ होऊ लागलो आहोत. चित्रपट पाहणे म्हणजे काय, हे आपले आपल्याला कळते ते त्या क्षणी.

ह्याच कार्यशाळेत नलिनी मालानी ह्या तरुण चित्रकर्तीने १९६९ साली 'ड्रीम हाउसेस' केला: घरांच्या छोट्या प्रतिकृती, रंगीत प्रकाश आणि एकेका चौकटीने घडविलेली हालचाल. सर्वांना घर मिळेल ह्या त्या काळच्या आशेचे ते चित्र होते. १९७६ साली त्यांनी त्याच्याशेजारी दुसरा, कृष्णधवल चित्रपट ठेवला: उंच इमारतीतून खालची मुंबई पाहत उभी असलेली एक तरुणी. दोन्ही एकाच वेळी शेजारीशेजारी दाखविले जातात. जोडीचे नाव 'युटोपिया'. रंगीत आकार तेच राहिले, त्यांत एक रेघही बदलली नाही. पण शेजारी ती स्त्री उभी राहताच आशेचे चित्र आशाभंगाचे झाले. कुलेशॉव्हच्या प्रयोगाचे ह्याहून मार्मिक उदाहरण आपल्या देशात क्वचितच सापडेल.

आक्षेप आणि उत्तर

अमूर्त म्हटले की सगळेच श्रेष्ठ, असे मात्र आमचे म्हणणे नाही. ज्याला गोष्ट सांगता येत नाही तो अमूर्ताच्या आडोशाला जातो, हा आक्षेप काही चित्रपटांच्या बाबतीत खराही आहे. नुसते रंगीबेरंगी आकार फिरत राहिले तर ते शोभादर्शकाच्या नळीहून अधिक काही नाही. नळी फिरविली की प्रत्येक आकृती सुंदर असते. पण मागच्या आकृतीचा पुढचीशी काही संबंध नसतो, म्हणून दहा मिनिटांत मन कंटाळते. कसोटी हीच आहे. बिदरीच्या कारागिराला एक वळण चुकले तर सारी वेल बिघडते. रांगोळीत एक ठिपका राहिला तर सगळ्यांच्या नजरेला खुपतो. ज्या चित्रपटात एक चौकट काढल्याने काही बिघडत नाही, त्यात रचना नाही, आणि रचना नाही तेथे अर्थही नाही. अशी कसोटी लावायला प्रेक्षकाने पदवीधर असावे लागत नाही. त्याने लक्ष देऊन पाहिले म्हणजे झाले.

दुसरा आक्षेप असा की पोटाचे प्रश्न असलेल्या देशाला ही चैन परवडत नाही. बिदर-कलबुर्गी हा कोरडवाहू शेतीचा, अवर्षणाचा पट्टा आहे, आणि बिदरीचे काम त्याच पट्ट्यात शतकानुशतके चालले. गरिबीने माणसाची रेघ ओढण्याची भूक कधीही मारलेली नाही. शिवाय आता प्रश्न चैनीचा राहिलेलाच नाही. चार सेकंदांचा एक तुकडा दुसऱ्या चार सेकंदांना जोडला की दोहोंतही नसलेला तिसरा अर्थ तयार होतो, हे ज्याला ठाऊक नाही, तो माणूस त्याच्या खिशातल्या पडद्याच्या हाती सापडला आहे. निर्विकार चेहऱ्याशेजारी कोणी थाळी ठेवली आणि कोणी शवपेटी, हे पाहण्याची सवय त्याला नाही. चार भाषांच्या मुलखात ही अडाणी नजर विशेष धोक्याची आहे. एका भाषेतले दृश्य आणि दुसऱ्या भाषेतले वाक्य कोणी दुष्टाव्याने एकत्र सांधले, तर खातरजमा करण्याआधीच दगड उचलला जाऊ शकतो. आमची किनारपट्टीही ह्याला अपवाद नाही. जोड ओळखण्याचे शिक्षण मिळते ते जोडाशिवाय दुसरे काहीच नसलेल्या चित्रपटांतून.

काय हरवले, काय करता येईल

दुर्दैवाने ज्यांच्यापासून हे शिकावे ते चित्रपटच आपण जपले नाहीत. फाळक्यांच्या 'आगकाड्यांची मौज'ची एकही फूट आज शिल्लक नाही. पदमसींनी 'सिझिजी'च्या जोडीला केलेला 'इव्हेन्ट्स इन अ क्लाउड चेंबर' हा सहा मिनिटांचा चित्रपट. त्याची एकच प्रत होती आणि ती हरवली. पुढे तरुण दिग्दर्शक आशिम अहलुवालिया यांनी वृद्ध पदमसींना सोबत घेऊन, त्यांच्या आठवणीच्या आधाराने त्या हरवलेल्या चित्रपटाचा शोध घेणारा त्याच नावाचा चित्रपट २०१६ साली केला. २०२० च्या जानेवारीत पदमसी गेले. गोष्टीचा चित्रपट हरवला तर निदान गोष्ट सांगता येते. रेषेचा चित्रपट हरवला की काहीच सांगता येत नाही. त्याचा अर्थ त्याच्या चौकटींबाहेर कोठेही नसतो. म्हणूनच जपणुकीची सर्वांत अधिक गरज त्याला, आणि सर्वांत अधिक उपेक्षाही त्याचीच.

१९६४ साली पुण्यात स्थापन झालेले राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आणि फिल्म्स डिव्हिजन ह्या दोन्ही संस्था २०२२ साली राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आल्या. एका छताखाली आलेल्या ह्या ठेव्याचे आता नीट जतन व्हावे, आणि जतन म्हणजे कपाटात बंद करणे असा अर्थ होऊ नये. पती, हुसेन यांचे चित्रपट जनतेच्या पैशाने झाले आहेत. ते जनतेला सहज पाहता आले पाहिजेत. पणजीत २००४ पासून दरवर्षी आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव भरतो. त्याच्या झगमगाटात ह्या दहा-दहा मिनिटांच्या चित्रपटांना एखादी सकाळ द्यावी, आणि ते सावंतवाडी, कुडाळ, रत्नागिरीच्या शाळांतून फिरवावे, ही मागणी अवाजवी नाही. बिदर आणि कलबुर्गीच्या शाळांत तर असा कार्यक्रम मराठी वर्गाला वेगळा आणि कन्नड वर्गाला वेगळा करावा लागणार नाही. रेषेला अनुवाद लागत नाही. दोन्ही माध्यमांची मुले एका भिंतीपुढे बसून तोच चित्रपट पाहतील आणि आपापल्या भाषेत त्यावर भांडतील, हे दृश्य सीमाभागात दुर्मीळ आणि म्हणूनच मोलाचे ठरेल.

पाहण्याच्या पुढे करण्याचीही सोय आता झाली आहे. फाळक्यांना एकेक फूट फिल्मसाठी कर्ज काढावे लागले. आज एक आगपेटी, एक साधा मोबाइल फोन आणि तो स्थिर ठेवायला चार विटा एवढ्या साहित्यावर सातवीतली मुले एका दुपारी आगकाड्यांना चालवू शकतील. काडी थोडी सरकवायची, चित्र घ्यायचे. पुन्हा सरकवायची, पुन्हा घ्यायचे. संध्याकाळी ते चित्रपट म्हणून पाहताना मुलांना दोन गोष्टी एकदम कळतील. एक, की आपण काडीत जीव घालू शकतो. दुसरी, की पडद्यावर जिवंत दिसणारे सगळे असेच कोणीतरी, कोणत्यातरी हेतूने, चौकटीमागून चौकट ठेवून घडविलेले असते. ह्यांतली पहिली गोष्ट कलावंत घडवील आणि दुसरी सावध नागरिक. शाळांनी हा प्रयोग येत्या वर्षापासून सुरू करावा. त्याला सरकारी आदेशाची वाट पाहण्याचे कारण नाही; आगपेटी प्रत्येक घरात आहे.